पडदा पडल्यावर रस-आमलेट

गोव्याला जाऊन आलेल्या कुटुंबाला काय काय पाहिले असे विचारले, तर उत्तर बहुधा ठरलेले असते. कळंगुटचा किनारा, जुन्या गोव्याची चर्चे, मंगेशीचे आणि शांतादुर्गेचे दर्शन, मांडवीतली बोटीची सफर आणि येताना काजूच्या पिशव्या. यात चुकीचे काही नाही. पण पणजीतला माणूस स्वतः संध्याकाळ कशी घालवतो, हे या यादीवरून कळत नाही. सफरीच्या बोटीवर तो नसतो. तिथले नाच-गाणे पाहुण्यांसाठी बसवलेले असते. स्वतःसाठी त्याने जे बसवले आहे, त्याचे नाव आहे तियात्र.

गोव्यात रस्त्याने जाताना भिंतींवर, बसथांब्यांवर आणि चर्चजवळच्या फलकांवर रोमन लिपीतली मोठमोठी भित्तिपत्रके दिसतात. कपाळाला हात लावलेली आई, डोळे वटारलेला मुलगा, टोपीवाला विदूषक आणि खाली दहा-पंधरा चेहऱ्यांची रांग. पर्यटकाला वाटते, कुठल्यातरी सिनेमाची जाहिरात असेल. ती नाटकाची जाहिरात असते. कोकणीत लिहिलेले, सोबत वाद्यवृंद असलेले आणि तिकीट काढून पाहिले जाणारे हे नाटक. त्याला सव्वाशे वर्षांहून जास्त इतिहास आहे आणि त्याची सुरुवात गोव्यात नव्हे, मुंबईत झाली.

ईस्टरचा रविवार, 1892

त्या काळी पोटापाण्यासाठी हजारो गोवेकर मुंबईत येत. कोणी आचारी, कोणी बँडमध्ये वाजवणारा, कोणी बोटीवरचा 'तारवटी' म्हणजे खलाशी. धोबीतलाव, कावेल, माझगाव या भागांत त्यांची वस्ती. गावागावाचे वेगळे 'कूड' असत. आपल्याकडच्या चाकरमान्यांच्या गावकीच्या खोल्यांसारखीच ही व्यवस्था. बोटीवरून उतरलेला माणूस पुढची बोट मिळेपर्यंत तिथे पथारी टाकी. अशा माणसांना संध्याकाळी करमणूक हवी होती आणि ती आपल्या भाषेत हवी होती.

आसगावच्या लुकाझिन्यो रिबेरो या तरुणाने मुंबईत इटालियन ऑपेराचे प्रयोग पाहिले आणि तो त्यांनी भारून गेला. चार मित्र जमवून त्याने 'इटालियन भुरगो' नावाचा खेळ कोकणीत रचला. भुरगो म्हणजे मुलगा. 17 एप्रिल 1892 रोजी, ईस्टरच्या रविवारी, मुंबईच्या न्यू आल्फ्रेड थिएटरात त्याचा प्रयोग झाला. तोच पहिला तियात्र. पोर्तुगीज 'तेआत्रु' या शब्दावरून हे नाव पडले. अण्णासाहेब किर्लोस्करांचे 'शाकुंतल' 1880 मध्ये पुण्यात रंगभूमीवर आले होते, म्हणजे मराठी संगीत नाटक आणि कोकणी तियात्र यांच्या वयात जेमतेम बारा वर्षांचे अंतर. दोघांनी गाणे जवळ केले, पण वाटा अगदी वेगळ्या धरल्या.

त्या पहिल्या खेळात मडगावच्या बोर्डा भागातला जुआंव आगोस्तिन्यो फेर्नांडिस हा तरुणही होता. पुढे तोच 'पाय तियात्रिस्त' म्हणजे तियात्राचा पिता ठरला. त्याने संहिता लिहून काढली, तालमी घेतल्या, तियात्राला शिस्त लावली. गावच्या भाटकाराचा म्हणजे जमीनदाराचा मुजोरपणा, कुणब्याची अवस्था हे विषय त्याने रंगमंचावर आणले. 1904 मध्ये त्याची पत्नी रेजिना तियात्रात उभी राहिली. पुढल्याच वर्षी आपल्या किर्लोस्कर मंडळीत बालगंधर्व दाखल झाले, हे आठवले म्हणजे रेजिनाबाईंच्या धाडसाची कल्पना येते. मराठी रंगभूमीवर स्त्री-भूमिका पुरुष करीत होते, तेव्हा शेजारच्या बोलीत एक गृहिणी तोंडाला रंग लावून प्रेक्षकांसमोर आली होती.

कथा थांबते आणि गाणे सुरू होते

मराठी प्रेक्षक पहिल्यांदा तियात्राला बसतो तेव्हा जरा गोंधळतो. पडदा उघडतो, एका घरात सासू-सुनेचे भांडण पेटते, आता काहीतरी होणार अशा जागी पडदा पडतो. आणि पडद्यापुढे कोट घातलेला एक गृहस्थ येऊन गाऊ लागतो. गाण्यात सासू नाही, सून नाही. मांडवीतले कॅसिनो आहेत, गावच्या डोंगराला लागलेले बुलडोझर आहेत, निवडून आल्यावर पक्ष बदलणारे आमदार आहेत. गाणे संपते, पडदा वर जातो आणि सासू जिथे थांबली होती तिथूनच पुढे भांडू लागते.

हाच तियात्राचा साचा. कथेचे सहा-सात भाग असतात. त्या भागाला 'पड्दो' म्हणतात. दोन पडद्यांमध्ये दोन-तीन 'कांतारां' होतात. कांतार म्हणजे गाणे, आणि त्याचा कथेशी संबंध असलाच पाहिजे असे नाही. कधी एकटा गायक, कधी नवरा-बायकोच्या वेषातली जोडी, कधी तिघे, कधी चौघे. एखादे कांतार नुसते हसवण्यासाठी, एखादे आईच्या मायेचे, एखादे दारू पिऊन घर बुडवणाऱ्याला झोडपणारे. पण प्रेक्षक खऱ्या अर्थाने वाट पाहतो ती राजकीय कांताराची.

त्याची रचना पाहण्यासारखी असते. पहिल्या कडव्यात गायक साळसूदपणे सरकारची स्तुती करतो आहे असे वाटते. दुसऱ्या कडव्यात थोडी शंका येते. शेवटच्या कडव्याच्या शेवटच्या ओळीत नाव न घेता असा टोला बसतो की शिट्ट्यांनी सभागृह दणाणते. टाळ्या थांबेनात तर गायक परत येतो आणि याच क्षणासाठी राखून ठेवलेले जादा कडवे म्हणतो. 2012 मध्ये खाणी बंद झाल्या, म्हादईच्या पाण्यावरून कर्नाटकाशी वाद पेटला, मोपाला विमानतळ झाला. या प्रत्येक घटनेवर कांतारां झाली. जुने कांतार शिळे झाले की बदलायचे, कथा तीच ठेवायची. त्यामुळे एकच तियात्र दोनदा पाहिला तरी दुसऱ्या वेळी बातम्या नवीन असतात. अग्रलेख न वाचणाऱ्या माणसालाही सरकारबद्दल मत असते आणि ते ऐकायला तो पैसे मोजतो, हे ज्याला पाहायचे असेल त्याने तियात्राला जावे.

कथेबद्दल मात्र फार अपेक्षा ठेवू नये. बहुतेक तियात्रांच्या कथा भाबड्या असतात. वाईट माणूस शेवटी पस्तावतो, आईचे खरे होते, विदूषक मध्येच घुसून रडणाऱ्यांना हसवतो. नाटकाच्या जाणकाराला हे खटकेल. पण बोटीवर गेलेला बाप, आखातात नोकरी करणारा मुलगा, वडिलार्जित घराची वाटणी, परप्रांतीयाला विकलेली शेतजमीन ही त्या प्रेक्षकाची रोजची दुखणी आहेत आणि ती त्याच्याच घरच्या भाषेत त्याच्यासमोर येतात. पुढच्या रांगेतल्या आजीबाई पदराने नव्हे, फ्रॉकच्या खिशातल्या रुमालाने डोळे पुसतात, एवढाच फरक.

या सगळ्याला साथ असते ती जिवंत वाद्यवृंदाची. ट्रम्पेट, सॅक्सोफोन, ड्रम, बेस गिटार आणि की-बोर्ड घेऊन वादक मंचाच्या समोर बाजूला बसतात. ध्वनिफितीवर काम भागवायची सवय आता सगळीकडे लागली असताना प्रत्येक प्रयोगाला वादक नेणे हा खर्चाचा मामला. तरीही तियात्राने तो सोडलेला नाही. पोर्तुगीज अमदानीत चर्चच्या शाळांतून मुलांना पाश्चात्त्य स्वरलिपी शिकवली जाई. प्रार्थनेच्या गायनासाठी दिलेले हे शिक्षण पुढे पोटाला उपयोगी पडले. मुंबईच्या हिंदी चित्रपटांचे वाद्यवृंद ज्यांनी उभे केले, त्यांत गोवेकरांचा वाटा फार मोठा. शंकर-जयकिशन यांचे सुप्रसिद्ध संगीत-संयोजक सेबास्टियन डिसोझा गोव्याचेच. 1977 च्या 'अमर अकबर अँथनी' मधले अँथनी गोन्साल्विस हे नावही संगीतकार प्यारेलाल यांच्या गोवेकर व्हायोलिन-गुरूंचे. तियात्रात ट्रम्पेटचा पहिला सूर लागतो तेव्हा ही परंपरा कानावर पडत असते.

ज्या गाण्यांनी मराठी माणूस हरला

मराठी वाचकाला तियात्राची आणखी एक ओळख असायला हवी, जरी ती थोडी बोचली तरी. 16 जानेवारी 1967 रोजी गोव्यात जनमत कौल झाला. गोवा महाराष्ट्रात विलीन करायचा की केंद्रशासित ठेवायचा, असा प्रश्न होता. विलीनीकरणाच्या बाजूने 1,38,170 मते पडली, विरुद्ध 1,72,191. फरक 34,021 मतांचा. त्या प्रचारात गावोगाव कोकणी गाणी घुमली, त्यांत तियात्रातल्या गायकांचा आवाज मोठा होता. सभेला न येणारा माणूस गाणे ऐकायला येत होता. गाण्याने मते फिरली की नाही हे मोजता येत नाही, पण त्या काळच्या आठवणी निघाल्या की पुढाऱ्यांच्या भाषणांइतकीच गाण्यांचीही आठवण निघते.

गंमत अशी की याच पणजीत, मांडवीकाठी कांपालला, कला अकादमीच्या ज्या मुख्य नाट्यगृहात तियात्र रंगतात, त्याला नाव आहे दीनानाथ मंगेशकरांचे. केसरबाई केरकरांच्या स्मरणार्थ होणारा संगीत समारोहही कला अकादमीचाच. मराठी नाट्यस्पर्धा, ख्याल आणि तियात्र एकाच छपराखाली नांदतात. वाद राजकारणात राहिला, रंगमंचाने तो घरात घेतला नाही. भाषेच्या कायद्यात मात्र तो उरला आहे. 1987 च्या कायद्याने देवनागरीतील कोकणी ही राजभाषा झाली, मराठीलाही कामकाजात स्थान मिळाले, पण तियात्राच्या संहिता आणि जाहिराती ज्या रोमन लिपीत निघतात तिला ती मान्यता मिळाली नाही. त्याबद्दलचे गाऱ्हाणे अधूनमधून कांतारातही ऐकू येते.

कला अकादमीची वास्तू चार्ल्स कोरिया यांची. 1983 मध्ये ती पूर्ण झाली. रस्त्यावरून चालत आलेला माणूस सरळ आत शिरून नदीपर्यंत जाऊ शकेल अशी तिची मोकळी रचना. नाट्यगृहाच्या भिंतींवर मारिओ मिरांडा यांच्या कल्पनेतले जुन्या नाटकघराचे सज्जे आणि त्यांत बसलेले प्रेक्षक चितारले गेले. त्यामुळे खुर्च्या रिकाम्या असल्या तरी नटांपुढे चार माणसे असतच. अलीकडच्या काळात मात्र या वास्तूवर कठीण प्रसंग आले. 2020 च्या टाळेबंदीत सगळ्याच रंगभूमीचे पडदे खाली आले. 2021 मध्ये दुरुस्तीसाठी अकादमी बंद झाली. 17 जुलै 2023 रोजी पहाटे खुल्या रंगमंचाचे छप्पर कोसळले. सुदैवाने तिथे कोणी नव्हते. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये नाट्यगृह पुन्हा उघडले, तरी दुरुस्तीच्या दर्जाबद्दल कलावंतांची नाराजी संपली नाही.

दोन-अडीच वर्षे राजधानीतले मुख्य नाट्यगृह बंद राहणे म्हणजे काय, हे तियात्राचा हिशेब पाहिला की कळते. अनुदानाच्या सरकारी योजना असतात, पण तियात्र चालतो तिकिटावर. गावचा एखादा 'कंत्राटदार' प्रयोग विकत घेतो, तिकिटे खपवतो, नफा-तोटा त्याचा. प्रयोग झाला नाही तर लेखक-दिग्दर्शकाबरोबर ड्रम वाजवणारा, पडदे ओढणारा, दिवे लावणारा या सगळ्यांची त्या दिवसाची कमाई जाते. त्यातच प्रेक्षक पांगतो आहे. पोर्तुगीज पारपत्राच्या आधारे असंख्य गोवेकर कुटुंबे इंग्लंडला गेली, त्याआधी आखातात गेलीच होती. तियात्र त्यांच्यामागे कुवेत, दुबई आणि लंडनपर्यंत जाऊन येतो. गावात राहिलेल्या म्हाताऱ्या आई-बापांसाठी तो गावच्या फेस्तालाही उभा राहावा लागतो. 1892 मध्ये तो परगावी गेलेल्यांसाठी सुरू झाला होता. आता त्याला दोन्हीकडे पाहावे लागते.

आधी पोटोबा, मग तियात्र, मग पुन्हा पोटोबा

तियात्र तीन तासांच्या आत क्वचितच संपतो, म्हणून खाण्याचा बेत आधीच आखलेला बरा. पणजी लहान शहर आहे. चर्चच्या चौकापासून कांपालपर्यंत नदीकाठाने रमतगमत चालत गेले तरी अर्धा तास पुरतो.

दुपारचे जेवण शीत-कडीचे. शीत म्हणजे भात, कडी म्हणजे नारळाच्या रसातले माशांचे कालवण. आपल्या ताकाच्या कढीशी तिचा संबंध नाही. थाळीत बांगडा किंवा इसवणाची तळलेली तुकडी, तिसऱ्यांचे सुके, एखादी भाजी, सोलकढी आणि कोपऱ्यात चिमूटभर किसमूर. भाजलेली सुकी सुंगटे, ओले खोबरे, कांदा आणि चिंच किंवा आमसूल यांचे हे कोरडे मिश्रण पाहुणे बऱ्याचदा तसेच ठेवून देतात. तसे करू नये. भात-कडीच्या प्रत्येक घासाला किसमुराचा एक दाणा लावावा, म्हणजे गोवेकर एवढ्या भातावर कसा ताव मारतो ते समजते. अठरा जून रस्त्यावर आणि आसपासच्या गल्ल्यांत अशी जेवणघरे आहेत. जिथे दुपारी एक वाजता कचेरीतली माणसे बाकावर वाट पाहत बसलेली दिसतील, तिथे खुशाल शिरावे.

एक ध्यानात ठेवावे. 1 जून ते 31 जुलै यांत्रिक बोटींना मासेमारीची बंदी असते. त्या दिवसांत थाळीतला मासा बहुधा बर्फातला किंवा बाहेरून आलेला. म्हणून गोव्यातल्या जाणत्या गृहिणी मे महिन्यातच सुकी मासळी, कोकम, लोणची, मिरच्या भरून ठेवतात. या बेगमीला 'पुरुमेंत' म्हणतात आणि त्यासाठी खास बाजार भरतात. पावसाळ्यात गोव्यात गेलेच, तर इसवणाचा हट्ट सोडून सुक्या बांगड्याची चव घ्यावी. जेवण स्वस्त पडेल आणि खरेही असेल.

चारच्या सुमारास सायकलवरच्या भोंग्याचा 'पों पों' आवाज आला की समजावे, पोदेर आला. पोदेर म्हणजे पाववाला. मागच्या टोपलीत कोंड्याची चपटी पोई, कडक कवचाचा उंडो, बांगडीसारखे काकण असे प्रकार असतात. पूर्वी हे पाव ताडा-माडाच्या सुरेने फुगवीत, आता यीस्ट वापरतात. जुन्या लोकांना तो फरक जिभेवर कळतो म्हणे. पोईत पातळ भाजी घालून खाणे हा पणजीचा चार वाजताचा धर्म. इथली 'भाजी-पाव' म्हणजे चौपाटीवरची पावभाजी नव्हे. वाटाण्याची किंवा चवळीची नारळ घातलेली उसळ, सोबत मिरचीची भजी आणि कडक चहा. कॅफे भोसलेसारख्या जुन्या उपाहारगृहांत त्यासाठी सकाळपासून गर्दी असते. शाकाहारी कुटुंबांनी गोव्यात आपले काय होणार ही चिंता करू नये.

मुले बरोबर असतील तर फोंतेंयश या जुन्या पोर्तुगीज वस्तीतल्या बेकऱ्यांकडे वळावे. बेबिंक, दोदोल, नारळाच्या वड्या. डिसेंबरमध्ये गेलात तर 8 तारखेला चर्चच्या पायऱ्यांखाली मोठे फेस्त असते. तिथे आले-गुळात घोळलेल्या बेसनाच्या शेवेचे 'खाजें' कागदात बांधून मिळते आणि तियात्राच्या मध्यंतरात ते पुरते.

तिकीट आणि भाषा

तियात्रांच्या जाहिराती गोव्यातल्या दैनिकांत रोज असतात. रविवारी तर दुपार आणि संध्याकाळ मिळून अनेक ठिकाणी प्रयोग असतात. पणजीत कला अकादमी, मडगावात रवींद्र भवन ही मुख्य ठिकाणे. मडगावच्या रवींद्र भवनात जुआंव आगोस्तिन्योच्या स्मरणार्थ 'पाय तियात्रिस्त' नाट्यगृहच आहे. पडदे न पाडता सलग चालणाऱ्या प्रकाराला 'नॉन-स्टॉप' म्हणतात. रोझारियो रॉड्रिग्ज यांनी 1970 च्या दशकात जुन्या 'खेळा'ला रंगमंचावर आणून तो रूढ केला. पहिल्यांदा पाहणाऱ्याने मात्र पडदे पाडणारा, कांतारांचा तियात्र निवडावा.

भाषेचे भय बाळगू नये. मालवणी कानावरून गेली असेल तर निम्मे काम झाले. कितें म्हणजे काय, उदक म्हणजे पाणी, घोव म्हणजे नवरा, मोग म्हणजे प्रेम. पोर्तुगीज शब्द कानाला नवे लागतील, पण जनेल म्हणताना नट खिडकीकडे बोट दाखवतो आणि कदेल म्हणताना खुर्चीवर बसतो. अर्ध्या तासात कान सरावतात. राजकीय कांतारातले टोमणे सगळे कळणार नाहीत. शेजारी बसलेल्या काकांना विचारावे. ते आनंदाने समजावून देतील, बहुधा स्वतःचे मत जोडून.

परतीचा विचार मात्र आधी करावा. पणजीच्या बाहेर उतरला असाल, तर रात्री उशिरा बस मिळेल या भरवशावर राहू नये. वाहन सांगून ठेवावे आणि वाहनवाल्याला पाऊण तास उशिराची वेळ द्यावी. तो पाऊण तास रस-आमलेटच्या गाड्यासाठी.

गाड्यावर दोन काळी पातेली असतात. एकात कोंबडीची शाकुती, दुसऱ्यात नुसता रस. खसखस, भाजलेले खोबरे, धणे, मिरी, जायफळ यांच्या वाटणाचा हा रस दिवसभर मुरलेला असतो. गाडेवाला तव्यावर कांदा-मिरचीचे आमलेट टाकतो, थाळीत सरकवतो, वरून पळीभर गरम रस ओततो, चिरलेला कांदा भुरभुरतो, लिंबाची फोड ठेवतो आणि दोन पाव देतो. आमलेटचे काठ कुरकुरीत असतानाच खायला लागावे. रस हवा तेवढा मागावा. तोंडातला घास संपायच्या आत शेजारी उभे असलेले चौघे मघाच्या कांतारातले शेवटचे कडवे आठवून गुणगुणू लागतात. एखादी ओळ विसरली तर पलीकडचा अनोळखी माणूस, बशी हातात धरूनच, ती पुरी करतो.